मास्तरांचा चौथा सूट

आमच्या दुकानात शिवणारे कारागीर तीन, मालक एक, आणि काजं-बटणं, अस्तराची हातशिलाई करणारी मी. मला सगळे बाई म्हणतात. आणि मास्तर एकच. त्यांना नाव होतं, पण एकतीस वर्षांत ते कुणी वापरलं नाही; पगाराच्या पाकिटावरसुद्धा मालक 'मास्तर' एवढंच लिहायचे. कापड कापणाऱ्याला मास्तर म्हणायची आमच्या धंद्यात रीत आहे. शिवण चुकली तर उसवता येते, कात्री चुकली तर कुणाच्या बापाला सांधता येत नाही, म्हणून हा मान.

या माणसाला 'नाही' म्हणता यायचं नाही. गिऱ्हाईक म्हणालं, मंगळवारी हवा, की मास्तर म्हणणार, होईल. दुसरं म्हणालं, मलाही मंगळवारीच, तर तेही होईल. मंगळवारी चौघं दारात उभी राहिली की चौघांनाही गोड हसून सांगायचे, फक्त बटणं राहिलीत. मी मनात म्हणायची, बटणं कसली, अजून कापडाला कात्रीसुद्धा लागली नाही. पण लोक रागवायचे नाहीत, कारण हाताला तोड नव्हती. आणि दुसरं म्हणजे माया. शिवणीच्या आत दुमडून ठेवलेलं जादा कापड, त्याला आम्ही माया म्हणतो. माणूस अंगाने भरला की शिवण उसवायची, ती माया सोडायची, सूट पुन्हा नवा. मास्तर पाठीला दीड इंच, कमरेला दोन, पँटच्या पायाला तीन इंच ठेवायचे. वर जे कापड उरेल ते, हातरुमालाएवढं का असेना, गुंडाळी करून कोटाबरोबर परत. दहा वर्षांपूर्वीचे सूट घेऊन लोक यायचे आणि घालून जायचे. दुकान चालायचं ते त्यावर.

तर या मास्तरांच्या धाकटीचं लग्न ठरलं. मुलगी रक्त तपासायच्या लॅबमध्ये कामाला, मुलगा शाळेत गणित शिकवणारा. एका घरात दोन मास्तर कसे नांदणार, असं मी चिडवलं तेव्हा ते कानापर्यंत हसले होते. बोलणी त्यांच्याच घरी झाली. माणसं बरी होती, तोंडाने काही मागितलं नाही. विहीणबाई एवढंच म्हणाल्या की आमच्याकडची माणसं दोनशेच्या आसपास होतील, जमेल का? मास्तर म्हणाले, होईल. मोठ्या रस्त्यावरचा हॉल चांगला आहे म्हणतात, कुणीतरी म्हणालं. होईल. फोटो, गाडी, पाहुण्यांची राहण्याची सोय. होईल, होईल, त्यात काय. मास्तरांची बायको, म्हणजे आमच्या वहिनी, टेबलाखालून पाय दाबत राहिल्या, पण मास्तरांना टेबलाखालचं कधी कळलं नाही. आणि कळस म्हणजे कुणी विचारलेलं नसताना ते स्वतःहून बोलले, जावईबापूंचा सूट माझ्या हातचा, आणि कापड असं की लोकांनी वळून बघावं.

हे सगळं वहिनींनी मला दुसऱ्या दिवशी सांगितलं. सांगताना त्या हसत नव्हत्या.

आता हिशेब करायला गणिताचा मास्तर लागत नाही. मास्तरांनी मालकांकडून पाच पगार उचल घेतली. ती हॉलच्या पहिल्या हप्त्यात गेली. दुसरा हप्ता लग्नाच्या तीन आठवडे आधी भरायचा, नाही भरला तर पहिलाही बुडाला. जेवणवाल्याला आगाऊ, फोटोवाल्याला आगाऊ. गिऱ्हाइकांना तारखा देऊन झुलवत ठेवण्यात ज्याचा जन्म गेला, त्याला आता चारही बाजूंनी लोक तारखा देत होते, आणि त्यांच्याकडे बटणं राहिलीत हे चालत नव्हतं.

माणूस डोळ्यांदेखत वाळायला लागला. पट्ट्याला नवं भोक पाडून घेतलं, ते मीच पाडून दिलं. कापायच्या टेबलावर फोन थरथरला की मास्तर त्यावर अस्तराचा तुकडा टाकायचे आणि तो थांबेपर्यंत हात आखडून उभे राहायचे. दार वाजलं की मान आधी वळायची, डोळे नंतर. चहा समोर ठेवला की त्यावर साय धरायची. मी एकदा म्हटलं, मास्तर, डॉक्टरला दाखवा. ते म्हणाले, डॉक्टर पण पैसेच मागेल.

अशात तो ठेकेदार आला. मोठमोठ्या इमारती बांधणारा माणूस, बरोबर दोन मुलगे. नव्या इमारतीच्या उद्घाटनाला तिघांना एकाच कापडाचे सूट हवे होते, आणि कापड त्याने परदेशातून आणलं होतं. अकरा मीटरचा अखंड तुकडा, निळसर राखाडी, हातात घेतला तर पाण्यासारखा घरंगळायचा. मास्तरांनी तो टेबलावर पसरला आणि त्यावरून तळहात फिरवत बराच वेळ उभे राहिले. मला वाटलं, कसबी माणूस, चांगला माल बघून हरखला. अशी मी हुशार.

तीन धिप्पाड माणसांचे सूट, दहा मीटर सहज लागले असते. एक मीटर परत गेलं असतं. मास्तरांनी त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत, सगळे बाहेर गेलेले असताना कापलं. शिवायलाही ते तिन्ही स्वतःच घेतले. कारागिरांना म्हणाले, तुम्ही बाकीच्या ऑर्डरी उरका. तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकायला हवी होती.

कोट माझ्याकडे आला तेव्हा अस्तराच्या कडा उघड्याच होत्या, त्या मी हाताने बंद करते. करता करता बोट पाठीच्या शिवणीवरून गेलं, आणि लागायला हवं होतं ते लागलं नाही. मी अस्तर वर केलं. शिवणीच्या दोन्ही बाजूंना जेमतेम पाव इंच. बाजूला पाव इंच. पँटचा पाय उलटा केला, तिथे एक दुमड आणि बस. दुसरा कोट बघितला, तिसरा बघितला. चूक असती तर एका कोटात असती. तिन्हींत सारखीच होती, म्हणजे चूक नव्हती.

मी काय केलं? अस्तर बंद केलं. बारीक टाके घालून, नीट.

चार दिवसांनी मास्तर माझ्या कोपऱ्यात आले. हळू आवाजात म्हणाले, जावईबापूंच्या कोटाची काजं करून द्याल का, घरी, दुकानात नको. आणि पिशवीतून कोटाची बाही थोडी बाहेर काढून दाखवली. निळसर राखाडी.

मी विचारलं, "मास्तर, हे उरलेलं होतं ना?"

"उरवलं," ते म्हणाले.

मग ते माझ्या स्टुलावर बसले, मी उभी. सांगायला लागले की हॉलचा हप्ता भरला तर कापडाला पैसे राहत नव्हते, कापड घेतलं तर हॉल जात होता. पोरगी रोज विचारते, बाबा, सगळं जमतंय ना? काय सांगू? बोलता बोलता त्यांनी गळ्यातली टेप दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. "बाई, मला फार भीती वाटते हो," ते म्हणाले. "सकाळी डोळा उघडला की आधी भीती उठते, मग मी उठतो. लग्न एकदा पार पडू दे. मग मला काय व्हायचं ते होऊ दे."

एकतीस वर्षांत दोऱ्याचं रीळ घरी न नेलेला माणूस. मी त्यांना चार शब्द सुनावायला हवे होते, माझी जीभ त्यासाठी प्रसिद्धच आहे. पण मी म्हटलं, ट्रायल झाली की द्या, करते मी काजं. त्या दिवसापासून दार वाजलं की माझीही मान वळायला लागली. भीती संसर्गाची असते, पडशासारखी.

ठेकेदाराच्या उद्घाटनाला चार दिवस उरले असताना त्याचा थोरला मुलगा शेवटची ट्रायल करायला आला. माप दिल्यापासून महिना झाला होता आणि महिनाभरात पठ्ठ्या चांगलाच फुगला होता. कोट खांद्याला चपखल बसला. बटण लावायला गेला तर दोन बोटांचं अंतर. पँटचा हूक तर समोरासमोरही येईना. तो ओशाळून हसला. मालकही हसले. त्यांनी पुढे होऊन त्याच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाले, "काळजीच करू नका. आमचे मास्तर आत एवढी माया ठेवतात की अजून एक माणूस मावेल. परवा घेऊन जा."

मग मास्तरांकडे बघून म्हणाले, "होईल ना?"

मी बोटात सुई टोचून घेतली. मास्तर म्हणाले, "होईल."

तसलं कापड गावभर शोधूनही मिळालं नसतं. जगात ते दुसऱ्या एकाच ठिकाणी होतं. थोरल्याच्या कोटाच्या बगलेचे तुकडे मोठे करून नव्याने कापायचे, पँटचा मागचा भाग नव्याने कापायचा, तर जावयाची अख्खी पँट आणि कोटाची पाठ जाणार होती. हे मास्तरांना कळायला वेळ लागला नाही, मलाही नाही. आणि जावई त्याच संध्याकाळी ट्रायलला येणार होता.

मी गेले. काजांसाठी कोट घ्यायला, असं मी वहिनींना सांगितलं. त्यांचं घर म्हणजे दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत मशीन, त्यावर पांघरलेली चादर, भिंतीला उभा लांब आरसा. जावई आतून सूट घालून आला आणि खरं सांगते, मी तीस वर्षं सूट बघत आलेय, असा बसलेला बघितला नव्हता. बारीक चणीचा, जरा पोक काढून चालणारा तो मुलगा ताठ दिसायला लागला होता. तो आरशात बघून स्वतःच गोंधळला. धाकटी दारात उभी होती, तिने ओढणीचं टोक तोंडावर धरलं. वहिनींनी डोळे पुसले. मास्तर खाली गुडघ्यांवर बसून पँटच्या पायाला टाचण्या लावत होते. एक लावली, दुसरी लावली, तिसरी हातातच राहिली. ते काही उठेनात.

जावई वाकून म्हणाला, काका, काय होतंय?

"काढा," मास्तर खालूनच म्हणाले. "हा सूट तुमचा नाही."

आधी कुणाला कळलंच नाही. वहिनी म्हणाल्या, अहो, असं काय बोलता? मग मास्तर जमिनीवर बसूनच बोलत गेले. कापड कुणाचं ते सांगितलं. पाव इंचाचं सांगितलं. सकाळच्या ट्रायलचं सांगितलं. आणि एकदा तो दोरा सुटला तो सुटलाच. मालकांची उचल, हॉलचा दुसरा हप्ता, तो परवा भरायचाय आणि त्यासाठी ठेवलेलंही आगाऊ देण्यात गेलं, आता दमडी नाही, जेवणवाल्याचे फोन, सगळं. आवाज एका पट्टीत, जणू दुसऱ्याचीच मापं वाचून दाखवत होते. डोळे मात्र जावयाच्या बुटांवर.

मी धाकटीकडे बघत होते. मला वाटलं, रडेल, बापाच्या गळ्यात पडेल. तसलं काही झालं नाही. तिचा चेहरा लाल झाला.

"मी रोज विचारत होते," ती म्हणाली. "रोज. आणि तुम्ही रोज होईल म्हणालात. बाबा, मी काय तुमचं गिऱ्हाईक होते?"

मास्तरांच्या हातातली टाचणी खाली पडली. एकतीस वर्षांत त्या माणसाला कुणी इतकं नेमकं मापलं नव्हतं.

जावयाने कोट काढला. घडी घालायला गेला आणि ती चुकीची घातली, गणितवाल्यांना घड्या येत नाहीत. तो म्हणाला, काका, परवापर्यंत वेळ आहे ना, मग उसवायला आत्ताच बसू, फक्त कसं ते दाखवा. धाकटी काही न बोलता ब्लेड घेऊन आली आणि पँटच्या पायाशी बसली. अजून रागातच होती. दोरे तोडत नव्हती, उपटत होती. मी तिच्या हातातून पँट काढून घेतली. म्हटलं, राग कापडावर नको, आता एवढंच उरलंय. आम्ही चौघांनी मिळून तो सूट दीड तासात उसवला. शिवायला त्याला आठ दिवस लागले होते.

हॉल दुसऱ्याच दिवशी रद्द केला, पहिला हप्ता बुडाला तो बुडाला. विहीणबाई दोन दिवस कुणाशी बोलल्या नाहीत, मग बोलल्या. लग्न ठरल्या तारखेलाच झालं, नोंदणीच्या कचेरीत, सोळा माणसांत. जावयाने शाळेच्या समारंभात घालायचा जुना कोट घातला. बाही आखूड होत होती. कुठल्याशा अनोळखी शिंप्याने तिच्या आत दोन बोटं माया ठेवली होती, मास्तरांनी ती सोडली आणि काम भागलं. नंतर सगळे धाकटीच्या लॅबसमोरच्या हॉटेलात जेवलो. मी दोनदा वाढून घेतलं.

इथेच थांबता आलं असतं तर बरं झालं असतं. पण लग्नाआधीचा, ठेकेदाराने सूट न्यायचा दिवस सांगायचा राहिला, आणि तो मला सांगायचा नव्हता.

थोरल्याचा कोट तयार झाला. बटण लागलं, पँटचा हूक लागला. जोड कुठे आहे हे मला माहीत असून मला सापडेना. ठेकेदार खूश. त्याने तिन्ही सूट गाडीत ठेवायला सांगितले, खिशातून एक पाकीट काढलं आणि मास्तरांसमोर धरलं. मालकांनी त्याला मुलीच्या लग्नाचं सांगितलं होतं. तो मुलांना म्हणाला, बघा रे, अशी प्रामाणिक माणसं आता राहिली नाहीत. पाकीट जाड होतं. तेवढ्या पैशांत हॉल नसता परत मिळाला, पण उचल बरीच फिटली असती.

घ्या, घ्या, असं मी मनातल्या मनात म्हणत होते. निभावलंय सगळं. घ्या आणि गप्प बसा.

मास्तरांनी हात मागे घेतला.

"साहेब, तुमच्या आणि धाकट्या साहेबांच्या सुटात माया नाही," ते म्हणाले. "मी ठेवली नाही. ते कापड मी घरी नेलं होतं."

ठेकेदार त्यांच्याशी बोललाच नाही. त्याने पाकीट परत खिशात घातलं आणि मालकांना विचारलं, हे काय आहे? पुढचं सगळं मालकांनी हात जोडून केलं. कापडाची किंमत भरून देतो म्हणाले, शिलाई माफ केली, गाडीपर्यंत सोडायला गेले. ती किंमत पुढे दोन वर्षं मास्तरांच्या पगारातून कापली गेली. मास्तरांना काढलं नाही. त्यांचं कापायचं टेबल मात्र आतल्या खोलीतून उचलून गल्ल्यासमोर आणलं, मालकांच्या डोळ्यांसमोर, आणि शेवटपर्यंत ते तिथेच राहिलं.

पण हे नंतर. गाडी गेल्यावर मालक आत आले ते सरळ माझ्यासमोर उभे राहिले. कारागीर बघत होते. मालक ओरडले नाहीत. ओरडले असते तर मीही ओरडले असते, ते मला जमतं.

"बाई, अस्तर तुम्ही बंद करता," ते म्हणाले. "तुम्हाला माहीत होतं?"

माझ्या घरी मी एकटी कमावती. पुढच्या महिन्याचं भाडं, आईची औषधं, या वयात कोण ठेवून घेणार, हे सगळं एका क्षणात डोळ्यांसमोरून गेलं असं म्हणतात तसं काही झालं नाही. फक्त जीभ आपली आपण हलली.

"नाही," मी म्हणाले. "मला काहीच माहीत नाही."

मालक हलले नाहीत. तीस वर्षं त्यांनी माझं काम बघितलं होतं. बोटाखालून शिवण जाते आणि कळत नाही, हे त्यांना पटणार कसं?

तेव्हा मास्तर बोलले. माझ्याकडे न बघता, टेबलावरचे खडूचे डाग फडक्याने पुसत.

"त्यांना कसं कळणार, मालक? ते तिन्ही कोट आतून मीच बंद करून दिले होते. बाईंकडे फक्त काजं गेली."

मालकांनी ते मानलं. मी मानू दिलं.